निशाणी आठ

रेकॉर्ड रूमला खिडकी एकच, तीही पश्चिमेला.
एप्रिलात तीननंतर कागद तापतात
आणि जुन्या शाईला लोखंडासारखा वास सुटतो.
बिराजदार म्हणायचे, बाई, इथं पंखा लावू नका,
पंख्यानं साक्षी उडतात.

आधी हे समजून घ्या, की कोर्ट वरून खाली उतरतं.
वर जिल्हा न्यायाधीश, मग वरिष्ठ स्तर, मग कनिष्ठ,
त्यांच्याखाली शिरस्तेदार, नाझर,
नाझराच्या हाताखाली बेलिफ,
बेलिफाच्या खाली सायकल.
आणि सगळ्यांच्या तळाशी मी, एकोणीस वर्षं.
वरच्यांची तीन वर्षांनी बदली होते.
माझ्याकडे जे येतं ते निकाल लागूनच येतं.

या लाल रुमालांत अक्कलकोट संस्थानचे दावे आहेत.
गादी गेली, बांधाची भांडणं तेवढी विलीन झाली.
एक मोडीतली कैफियत आहे, तिच्या पाठीमागं कानडीत सही,
सहीखाली अंगठा,
सही करणाऱ्यावर कुणाचा भरोसा नव्हता म्हणून.
भिंतीवरचं घड्याळ बंद पडलं की
पुकारा मिलच्या भोंग्यावर व्हायचा म्हणतात.
आता भोंगा नाही. घड्याळ अजून बंद पडतं.

यंदा नाशाची यादी आली.
अ वर्ग कायम ठेवायचा, बाकीच्यांचं वय मोजायचं.
अनुक्रमांक एकशे बारा:
दरखास्त, सन छप्पन्न, रक्कम रुपये पंच्याऐंशी.
एवढ्याशा रकमेचा कागद कधीच जायला हवा होता.
पण वर अ चा शिक्का, शिक्क्यावर बिराजदारांची सही.
नियमात अडकून चहा गार करणारा माणूस,
त्यानं हे का केलं असेल म्हणून मी गाठ सोडली.

रोजनामा:
पुकारा झाला. लचमव्वा चिप्पा हजर. दुभाषी रजेवर. तहकूब.
पुकारा झाला. हजर. दुभाषी रजेवर. तहकूब.
अशा अकरा तारखा.
साखर पेठेतून अकरा वेळा चालत आलेली बाई,
तिचं तेलुगू व्हरांड्यातच थांबलेलं.

बाराव्या तारखेला अक्षर बदलतं, घाईचं होतं.
पट्टेवाला मौलाली नदाफ यास गल्लीतली तेलुगू येते,
सबब त्यास शपथ दिली.
जन्मभर दारातून दुसऱ्यांची नावं ओरडणारा माणूस
त्या दिवशी दोन माणसांच्या मधे उभा राहिला
आणि दहा मिनिटं न्यायाधीश
त्याच्या तोंडाकडं बघत राहिले.

साक्ष अशी:
माग माझा आहे. कर्ज नवऱ्याचं होतं, तो नाही.
बेलिफानं उचललेला हा धोटा बघा,
भोकाशी माझ्या ओठांनी झिजलाय.
दोरा ओठांनी ओढावा लागतो.
त्याला ओढता येतो का, विचारा.

खाली शिरस्तेदाराच्या हातची एकच ओळ:
कोर्टासमक्ष बेलिफास दोरा ओढता आला नाही.

मग हुकूम, चार ओळींचा.
कारागिराचं अवजार जप्त होत नाही. माग परत.
धोटा मात्र पुरावा झाला होता, निशाणी आठ,
तो परत मागायला अर्ज लागतो,
अर्जाला तिकीट, तिकिटाला पैसे.
ती आली नाही. नवा घेतला असेल.

स्कॅनिंगचा पोरगा विचारत होता,
मॅडम, हे कसं चढवायचं? सपाट नाही हे.
मी म्हटलं, ठेव.

काल सगळे गेल्यावर मी रुमालाचा एक दोरा उसवला,
भोकाशी धरला, ओठ लावले.
सागवानाची चव, थोडी धूळ.
दोरा आला नाही.
दुसऱ्यांदाही नाही.

यादी अजून टेबलावर आहे.
उद्या नाझर सह्या मागायला येतील.